चार पेनल्टी, एक हात आणि एक अफवा

फुटबॉल बघणाऱ्या कुठल्याही मित्राला रुमेनियाचा एक खेळाडू सांग म्हटलं, तर तो हाजी म्हणणार. थोडा जास्त किडा असेल तर मुटू, नाहीतर पोपेस्कू. आज मला ज्याच्याबद्दल लिहायचंय त्याचं नाव बहुतेकांच्या यादीत येतच नाही. हेल्मुट डुकाडाम. गोलकीपर. देशाकडून जेमतेम दोन मॅच खेळला, त्याही 1982 साली. सत्ताविसाव्या वर्षी मोठ्या फुटबॉलमधून कायमचा बाहेर. 2 डिसेंबर 2024 ला तो गेला, पासष्ट वर्षांचा होता.

तो गेल्यावर मी जे जे वाचलं त्यात बहुतेक ठिकाणी दोनच गोष्टी होत्या. एक, युरोपियन कपच्या फायनलमध्ये त्याने अडवलेल्या चार पेनल्टी. दुसरी, त्याचा हात म्हणे हुकूमशहाच्या घरच्यांनी तोडला, ही अफवा. पहिली गोष्ट लोक "काय नशीब बघा" म्हणून सांगतात आणि दुसरी "काय भयंकर ना!" म्हणून. माझं म्हणणं असं आहे की दोन्ही ठिकाणी आपण त्या माणसावर अन्याय करतो. आणि तो कसा, हे आपल्यासारख्या अप्रेझलवर जगणाऱ्या लोकांनी तरी जरा शांतपणे बघायला हवं.

आधी मॅचबद्दल, कारण बऱ्याच जणांना माहीत नसेल.

7 मे 1986. स्पेनमधलं सेव्हिल. एका बाजूला बार्सिलोना, दुसऱ्या बाजूला स्तेआवा बुखारेस्ट, म्हणजे रुमेनियाच्या लष्कराचा क्लब. मैदानात सत्तर हजार लोक आणि जवळजवळ सगळे बार्सिलोनाचे. रुमेनियातून सामान्य माणसाला फायनल बघायला परदेशी जाणं त्या काळात शक्यच नव्हतं. चाउशेस्कूचं राज्य होतं. परदेशी कर्ज फेडायच्या नादात देशात खाण्यापिण्याचं रेशनिंग चालू होतं, वीज तोडली जायची, आणि टीव्हीवर रोजचा कार्यक्रम उणापुरा दोन तासांचा. अशा देशातून आलेली टीम. त्यात कॅप्टन स्टोइका सस्पेंड झालेला, म्हणून तोही नाही.

बार्सिलोनाने तोपर्यंत हा कप एकदाही जिंकला नव्हता. त्या वर्षी वाटेत त्यांनी युव्हेंटसला हरवलं होतं. सेमीफायनलला गोथेनबर्गविरुद्ध पहिली मॅच 3-0 ने हरून दुसरी 3-0 ने जिंकली आणि मग पेनल्टीवर पुढे आले. त्या दुसऱ्या मॅचमधले तिन्ही गोल पिची अलोन्सोचे. हे नाव लक्षात ठेवा, पुढे येणार आहे. सांगायचा मुद्दा काय, की पेनल्टी शूटआऊट जिंकायचा अनुभव बार्सिलोनाकडे ताजा होता, तीन आठवड्यांपूर्वीचा.

मॅच म्हणाल तर कंटाळवाणी. नव्वद मिनिटं 0-0, एक्स्ट्रा टाइम संपला तरी 0-0. स्तेआवाचा असिस्टंट कोच अंघेल योर्दानेस्कू छत्तीस वर्षांचा होता, तो स्वतःच बूट घालून सबस्टिट्यूट म्हणून खेळायला उतरला. बार्सिलोनाचा स्टार शूस्टर, त्याला बाहेर काढलं तर तो रागारागाने स्टेडियमच सोडून गेला. असो.

मग पेनल्टी. पहिली स्तेआवाच्या मजारूची, बार्सिलोनाच्या उरुटीने अडवली. मग अलेक्सांको, डुकाडामने अडवली. बोलोनी, उरुटीने अडवली. पेद्राझा, डुकाडामने अडवली. चार झाल्या तरी स्कोर 0-0! लाकातुशने गोल केला. पिची अलोन्सो, हो तोच, त्याची डुकाडामने अडवली. बालिंटने गोल केला. शेवटी मार्कोस आला आणि त्याचीही डुकाडामने अडवली. 2-0. संपलं. पूर्व युरोपातल्या एखाद्या क्लबने हा कप जिंकायची ती पहिलीच वेळ.

आता नशिबाचा मुद्दा घेऊ.

पेनल्टी साधारण चारातल्या तीन गोल होतात. म्हणजे एक हुकण्याची शक्यता धरा पाव. चार लागोपाठ हुकणार म्हणजे पावचा चौथा घात, 256 मध्ये एकदा. त्यातही बाहेर गेलेल्या, बारला लागलेल्या वजा करून फक्त कीपरने अडवलेल्याच मोजल्या तर आकडा आणखी लहान. हे गणित करून "बघ, नशीबच" म्हणणारे माझ्या ओळखीत बरेच आहेत (सगळे इंजिनियर, अर्थातच). पण या गणितात एक गोम आहे. चारही पेनल्टी एकमेकींपासून स्वतंत्र आहेत असं त्यात धरलंय. तशा त्या नसतात. दुसरा मारणारा पहिली बघून येतो, तिसरा पहिल्या दोन बघून येतो. आणि कीपर तर सगळ्याच बघतो.

डुकाडामने पुढे मुलाखतींमध्ये त्याचा विचार सांगितला आहे. पहिल्या वेळी तो स्वतःच्या उजवीकडे गेला. दुसऱ्या वेळी त्याने मारणाऱ्याच्या जागी उभं राहून विचार केला: हा कीपर आत्ताच उजवीकडे गेला होता, आता बाजू बदलेल असं याला वाटणार. म्हणून पुन्हा उजवीकडे. तिसऱ्या वेळी पुन्हा तोच विचार आणि पुन्हा उजवीकडे. चौथ्याला मात्र डावीकडे. तीनदा तेच केल्यावर चौथ्या वेळी नेमकं कधी बदलायचं, हा यातला खरा कठीण भाग. यूट्यूबवर क्लिप आहे, बघा. चार पेनल्टी म्हणजे दोन-अडीच मिनिटांचा मामला. त्याच्या चेहऱ्यावर जुगार खेळणाऱ्या माणसाचे भाव दिसत नाहीत, हे माझं मत. तुम्ही तुमचं बनवा.

यावर एक अभ्यासही आहे आणि मला तो जाम आवडतो. लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजमधल्या दोघा संशोधकांनी 2014 साली तो छापला. 1976 ते 2012 या काळातल्या वर्ल्ड कप आणि युरो स्पर्धांमधल्या 37 शूटआऊट त्यांनी तपासल्या. त्यांना दिसलं की लागोपाठ तीन पेनल्टी एकाच बाजूला आल्या की पुढच्या वेळी कीपर विरुद्ध बाजूला झेप घेण्याची शक्यता वाढते. नाणं तीनदा छापा पडलं, आता काटाच पडणार, असं वाटतं ना, तोच प्रकार. गंमत म्हणजे मारणाऱ्यांना याचा फायदा उठवता आलेला नाही, कारण प्रत्येक जण एकदाच मारायला येतो आणि आपल्याच टेन्शनमध्ये असतो.

म्हणजे डुकाडामनेही शेवटी तेच केलं, तीन उजवीकडे आणि चौथी डावीकडे, असं कोणी म्हणेल. बरोबर. फरक एवढाच की त्याला दुसऱ्या आणि तिसऱ्या वेळी बदलायचा मोह झाला नाही आणि तो का नाही झाला हे त्याला सांगता येतं. त्यात नशीब नव्हतंच असं मी म्हणत नाही. बाजू ओळखूनही बॉल हातून सुटू शकतो. शिवाय समोरच्या उरुटीनेही पहिल्या दोन अडवल्या होत्याच की! दोन अडवून तो हरलेला कीपर ठरला. पुढे 2001 मध्ये बार्सिलोनात कार अपघातात तो गेला आणि त्या रात्रीच्या गोष्टीत त्याचं नाव आज अर्ध्या ओळीपुरतं येतं. नशीब असलंच तर ते इथे आहे. कोणाचं नाव राहील आणि कोणाचं पुसलं जाईल, यात.

आता हात.

फायनलनंतर काही आठवड्यांतच, त्याच उन्हाळ्यात, डुकाडामच्या उजव्या हातात रक्ताची गुठळी झाली. थ्रॉम्बोसिस. ऑपरेशन झालं, हात वाचला, पण त्या पातळीवरचं गोलकीपिंग संपलं. डिसेंबरमध्ये स्तेआवा टोकियोला इंटरकॉन्टिनेंटल कप खेळायला गेली, रिव्हर प्लेटकडून 1-0 ने हरली, गोलमध्ये दुसराच माणूस. फेब्रुवारी 1987 मध्ये सुपर कपला डायनॅमो कीव्हला 1-0 ने हरवलं, गोल एका नवीन आलेल्या बावीस वर्षांच्या पोराने केला. त्याचं नाव हाजी. डुकाडाम तिथेही नाही.

युरोपमधला त्या क्षणाचा सगळ्यात चर्चेतला कीपर अचानक गायब! मग गोष्ट पसरली. बार्सिलोनाला हरवल्याबद्दल स्पेनमधून कोणीतरी त्याला मर्सिडीज भेट दिली. कोणी म्हणे स्पेनच्या राजाने, कोणी म्हणे रिअल माद्रिदच्या बाजूच्या लोकांनी. चाउशेस्कूच्या मुलाला ती गाडी हवी होती, याने दिली नाही, म्हणून सेक्युरिताते, म्हणजे त्यांची गुप्त पोलीस, त्यांनी याचा हात मोडला. गोष्ट कशी आहे बघा. व्हिलन आहे, गाडी आहे, सूड आहे. व्हॉट्सॲपवर आली असती तर पाच मिनिटांत चाळीस ग्रुपवर गेली असती.

डुकाडामने आयुष्यभर हे नाकारलं. 1986 साली भीतीपोटी नाकारलं असेल असं एकवेळ म्हणता येईल. पण डिसेंबर 1989 मध्ये चाउशेस्कू नवरा-बायकोला गोळ्या घातल्या गेल्या, राजवट संपली. त्यानंतर खरं सांगायला कोणाची भीती होती? उलट "हुकूमशाहीचा बळी" म्हणून मिरवता आलं असतं, पुस्तकं खपली असती. तरी हा माणूस पस्तीस वर्षं सांगत राहिला की बाबांनो, आजार होता. आणि लोक पुन्हा पुन्हा तोच प्रश्न विचारत राहिले.

अफवा का टिकली याचं उत्तर मला दोन भागांत सापडतं. पहिला भाग राजवटीच्या खात्यावर जातो. जिथे पेपर सरकारी, टीव्ही सरकारी, आणि दोन्हीकडे एकाच माणसाचं कौतुक, तिथे खरी बातमी आली तरी कोणी विश्वास ठेवत नाही. रोज खोटं बोलणाऱ्याने एक दिवस खरं सांगितलं तर ते खोटंच वाटणार. त्यातून सत्ताधारी कुटुंब असं होतं की ते काहीही करू शकतील यावर लोकांचा पूर्ण विश्वास. तेव्हा त्या काळातल्या रुमेनियन माणसाने ही अफवा खरी मानली यात मी त्याला दोष देणार नाही. त्याच्याकडे पडताळायला साधन काय होतं?

दुसरा भाग मात्र आपल्या खात्यावर. आपल्याकडे साधनं आहेत, त्याचं स्वतःचं म्हणणं उपलब्ध आहे, तरी आपण ती गोष्ट "खरं खोटं देव जाणे, पण..." असं म्हणून सांगतोच. कारण गुठळी कंटाळवाणी आहे. गुठळीला कारण नाही, हेतू नाही, व्हिलन नाही. सत्ताविसाव्या वर्षी, आयुष्यातल्या सगळ्यात मोठ्या रात्रीनंतर, काहीही चूक नसताना हातातली एक नस बंद पडते आणि सगळं संपतं, हे पचवायला फार जड आहे. कोणीतरी केलं असं म्हटलं की निदान जगाचा हिशोब लागतो. आपण स्वतःला वाचवायला ती गोष्ट सांगतो आणि त्यासाठी एका माणसाला त्याच्याच शरीराबद्दल खोटारडा ठरवतो. "निरुपद्रवी अफवा आहे रे" असं मला एकाने सुनावलं. कोणाला निरुपद्रवी? तुम्हाला आणि मला. ज्याचा हात होता त्याला नव्हे.

आता तिसरा मुद्दा, जो मला सगळ्यात जास्त टोचतो. "एका रात्रीचा हिरो" हे बिरुद.

डुकाडाम सेमलाक नावाच्या गावचा, पश्चिम रुमेनियातल्या अराद जिल्ह्यातला. जन्म 1 एप्रिल 1959. घर जर्मन वंशाचं, म्हणून नाव हेल्मुट. आधी यूटीए अराद क्लब, मग 1982 मध्ये स्तेआवा. 1985 आणि 1986 अशी दोन वर्षं लागोपाठ लीग जिंकलेल्या टीमचा तो कीपर होता. म्हणजे सेव्हिलच्या आधी चार वर्षं तो त्या क्लबात घाम गाळत होता. त्या वर्षीच्या सेमीफायनलला अँडरलेख्तकडून पहिली मॅच 1-0 ने हरल्यावर दुसरी 3-0 ने जिंकली, तेव्हाही गोलमध्ये हाच. मग "एक रात्र" कुठून आली? बाकीच्या रात्री आपण बघितल्या नाहीत म्हणून त्या झाल्याच नाहीत का?

आणि नंतरचं आयुष्य. तीन वर्षांनी, 1989 मध्ये, तो परत खेळायला उतरला. कुठे? अरादमधल्या व्हागोनुल नावाच्या क्लबात, दुसऱ्या डिव्हिजनमध्ये. युरोपियन कप जिंकलेला, त्या वर्षीच्या बॅलन डी'ओरच्या मतदानात आठवा आलेला माणूस. जरा विचार करा, ज्या हाताने फायनल जिंकली त्याच दुखावलेल्या हाताने तो दुसऱ्या डिव्हिजनमध्ये बॉल अडवत होता. त्यानंतर सीमा पोलिसात नोकरी, मेजर हुद्द्यापर्यंत. 2003 मध्ये अमेरिकेच्या ग्रीन कार्ड लॉटरीत नंबर लागला म्हणून तिकडे गेला आणि परतही आला. (आमच्या टीममध्ये हे वाक्य वाचून दोघं-तिघं तरी उसासा टाकतील.) 2010 मध्ये जुन्या क्लबने प्रेसिडेंट केलं, काम मुख्यतः क्लबचा चेहरा म्हणून मिरवण्याचं.

त्या क्लबाचीही कथाच आहे. स्तेआवा हे नाव आमचं, असं म्हणून लष्कराने कोर्टात केस घातली आणि जिंकली. 2017 पासून तो क्लब एफसीएसबी नावाने खेळतो आणि लष्कराने त्याच वर्षी चौथ्या डिव्हिजनमधून स्वतःची वेगळी स्तेआवा टीम सुरू केली. 1986 चा कप कोणाचा, यावर दोन्हीकडचे लोक भांडत बसलेत. ज्या रात्रीची मालकी सांगायला दोन-दोन दावेदार आहेत, त्या रात्रीच्या माणसाची मिळकत विचाराल तर सीमा पोलिसातला पगार.

आपल्याकडे हे होत नाही असं समजू नका. सेव्हिलच्या फायनलच्या बरोबर एकोणीस दिवस आधी, 18 एप्रिल 1986 ला, शारजात मियांदादने शेवटच्या बॉलवर सिक्स मारला. तो बॉल टाकणारा चेतन शर्मा. पुढच्याच वर्षी नागपुरात न्यूझीलंडविरुद्ध वर्ल्ड कपच्या इतिहासातली पहिली हॅटट्रिक त्याने घेतली. कोणाला विचारा, आधी काय आठवतं? आणि आपला पुण्याचा हृषीकेश कानिटकर. 1998 मध्ये ढाक्याला पाकिस्तानविरुद्ध मारलेला चौका सगळ्यांना पाठ. त्याच माणसाने कॅप्टन म्हणून राजस्थानला लागोपाठ दोनदा रणजी करंडक जिंकून दिला, हे क्रिकेटवेड्या दहा जणांतल्या दोघांना माहीत असेल तर खूप झालं. एकाला एका बॉलसाठी शिव्या, दुसऱ्याला एका चौक्यासाठी टाळ्या, आणि दोघांचंही बाकीचं करिअर रद्दीत.

आता यावर उलटा मुद्दा येणारच. ती रात्र नसती तर तू तरी त्याच्यावर लिहिलं असतंस का? नसतं. मान्य. प्रसिद्धी अशीच चालते, तिच्याकडून न्यायाची अपेक्षा नाही. पण प्रसिद्धीचा मापदंड आपण माणसाची किंमत करायला वापरतो तिथे माझा आक्षेप आहे. कुठल्यातरी रिलीजच्या वेळी रात्रभर बसून कोणी मोठा इश्यू सोडवतो, तीन महिने त्याचं नाव होतं, आणि पुढच्या अप्रेझलमध्ये प्रश्न येतो, "ते ठीक आहे, पण त्यानंतर काय?" मी हा प्रश्न एका चांगल्या माणसाला विचारला जाताना ऐकलाय. त्याच्या वडिलांचं त्या सहा महिन्यांत आजारपण चालू होतं. तो रोज वेळेवर येऊन साधी, न दिसणारी कामं करत होता. त्या फॉर्ममध्ये त्यासाठी रकाना नव्हता.

"त्यानंतर काय?" या प्रश्नाचं डुकाडामचं उत्तर असं: आजारी हात, तीन वर्षांनी दुसरी डिव्हिजन, सीमेवरची नोकरी, आणि चाळीस वर्षांच्या जवळपास दर मुलाखतीत तेच दोन प्रश्न. तरी कडवट न होता तो तेच खरं उत्तर देत राहिला. मला विचाराल तर चार पेनल्टी अडवण्याइतकंच हे अवघड आहे, आणि इथे तर पुढचा बॉल कुठून येणार याचा अंदाजही बांधता येत नाही.

तेव्हा कधी गप्पांत त्याचं नाव निघालं, तर माझी एवढीच विनंती. पेनल्टीचं सांगा, जरूर सांगा, पण तो उजवीकडे तीनदा का गेला तेही सांगा. आणि हाताचं निघालं तर "गुठळी झाली होती" एवढंच म्हणा. कोणी मर्सिडीजबद्दल विचारलं तर सांगा, नव्हती.